सरकारी कामावर पोट कंत्राटदाराचं बिल अडकलं तर वसुली कशी करायची? (कायदेशीर मार्ग, एकाच धाग्यात)

मुरूम_खडी

पेटी कंत्राटदारांच्या थकलेल्या बिलांबद्दल इथे सुटे प्रश्न नेहमी येतात आणि उत्तरं दहा धाग्यांत विखुरलेली आहेत. म्हणून एक ठोकळ उदाहरण घेऊन सगळं एका जागी आणू या.

समजा, सार्वजनिक बांधकाम विभागाचं रस्त्याचं काम आहे. मुख्य कंत्राटदार प्रायव्हेट लिमिटेड कंपनी. मोऱ्या आणि संरक्षक भिंती लेटरहेडवरच्या वर्क ऑर्डरनं एका प्रोप्रायटरी फर्मला दिल्या, साहित्यासह. विभागाची लेखी परवानगी घेतलेली नाही. चार रनिंग बिलांचे (काम चालू असताना लावलेल्या बिलांचे) पैसे मिळाले. पाचवं आणि अंतिम बिल मिळून ३८ लाख बाकी. शिवाय प्रत्येक बिलातून कापलेली ५ टक्के अनामत अडकलेली. काम संपून चौदा महिने झाले आणि उत्तर ठरलेलं: "वरून निधी आला की देतो." वर्क ऑर्डरमध्ये "बॅक टू बॅक" (ढोबळमानानं, मुख्य कराराच्याच अटी पोट कंत्राटाला) हा शब्द आहे, लवादाचं कलमही आहे.

विभागाकडून थेट पैसे मागता येतात का? एमएसएमई परिषद (छोट्या उद्योगांची थकलेली येणी सोडवणारी सरकारी परिषद), एनसीएलटी (कंपन्यांची दिवाळखोरी बघणारं न्यायाधिकरण), दिवाणी दावा, पोलीस, यातलं काय चालतं आणि कुठे तोंडघशी पडायला होतं?

कलम_सत्तर

सगळ्यात कडू उत्तर आधी. विभागाकडून थेट पैसे मागता येत नाहीत. विभागाचा करार मुख्य कंत्राटदाराशी आणि मुख्य कंत्राटदाराचा तुमच्याशी. मधली कडी ओलांडता येत नाही.

यावर सर्वोच्च न्यायालयाचा २०१५ चा एस्सार ऑइल विरुद्ध हिंदुस्तान शिपयार्ड हा निकाल वाचाच. काम ओएनजीसीचं, मुख्य कंत्राटदार हिंदुस्तान शिपयार्ड आणि पोट कंत्राटदार एस्सार. मधल्या काळात ओएनजीसीनं एस्सारला काही रकमा थेट दिल्याही होत्या. तरीसुद्धा न्यायालयानं म्हटलं की सोयीसाठी थेट पैसे दिले म्हणून करार जन्माला येत नाही, देणं हिंदुस्तान शिपयार्डचंच. त्यामुळे "मागच्या वेळी विभागानं थेट चेक दिला होता" यावर इमारत उभी करू नका.

काही जण करार कायद्याचं कलम ७० पुढे करतात: विभागानं भिंत वापरली, फायदा घेतला, मग मोबदला द्यावा. हे कलम जिथे वैध करारच नाही तिथे उपयोगी पडतं. तुमच्याकडे मुख्य कंत्राटदाराशी केलेला जिवंत करार आहे आणि विभाग त्याच भिंतीचे पैसे त्याला देतो किंवा देणार आहे. एका भिंतीचे दोनदा पैसे द्या असं कोणतंही न्यायालय सहजी म्हणणार नाही.

अमेरिकेत १९३५ चा मिलर कायदा आहे. केंद्राच्या मोठ्या कामांवर मुख्य कंत्राटदाराला पोट कंत्राटदारांच्या देण्यापोटी वेगळा बाँड द्यावा लागतो आणि त्या बाँडवर थेट दावा लावता येतो. आपल्याकडे असा बाँड नाही. निविदेतली बँक गॅरंटी विभागाच्या संरक्षणासाठी असते, तिच्यावर पोट कंत्राटदाराचा काडीचा हक्क नाही. मजुरांचं वेगळं आहे. कंत्राटदारानं मजुरी बुडवली तर मुख्य नियोक्त्यानं ती भरावी अशी तरतूद कामगार कायद्यांत आहे, पण ती मजुरीपुरती. तुमच्या बिलाला ती लागू नाही.

तिरपी_रेघ

मग कार्यकारी अभियंत्यांना पत्र लिहायचंच नाही का? सगळे आधी तेच करतात.

कलम_सत्तर

लिहा, पण काय लिहिताय ते ओळखून. वरच्या उदाहरणात परवानगीशिवाय काम पोटाला दिलेलं आहे. विनापरवानगी पोट कंत्राट हे विभागाच्या करारात बहुधा करार रद्द करण्याचं आणि अनामत जप्त करण्याचं कारण असतं. तुमच्या पत्रावरून विभागानं खरंच ती कारवाई केली तर ज्याच्याकडून पैसे घ्यायचेत त्याचीच विहीर आटते. दबाव म्हणून हे हत्यार एकदाच चालतं.

मुख्य कंत्राटदार कधी उलटं म्हणतो, "परवानगी नव्हती, म्हणजे तुझं कामच बेकायदा." त्याला फार भिऊ नका. परवानगी घेणं त्याचं कर्तव्य होतं. स्वतःच्या करारभंगाची ढाल करून स्वतः घेतलेल्या कामाचे पैसे नाकारणं अवघड जातं.

परवानगी घेतलेली असेल, किंवा विभागानंच तुम्हाला नामनिर्देशित केलं असेल, तर मुख्य करार बघा. फिडिक या अभियंत्यांच्या आंतरराष्ट्रीय संघटनेच्या १९९९ च्या रेड बुकवर, म्हणजे नमुना करारावर, बेतलेला करार असेल तर ५.४ या कलमाखाली अभियंता "नामनिर्देशित पोट कंत्राटदाराला पैसे दिल्याचा पुरावा दाखवा" म्हणू शकतो आणि पुरावा न मिळाल्यास मालक त्याला थेट पैसे देऊ शकतो. देऊ शकतो, दिलेच पाहिजेत असं नाही. शिवाय ही सोय मुख्य कंत्राटदारानं स्वतः निवडलेल्या पेटीवाल्याला मिळत नाही.

मोजपुस्तिका

विभागाकडून पैसे मिळत नाहीत, पण कागद मिळतात आणि अर्धी लढाई तिथे आहे. "निधी आला नाही" हे खरं की थाप, ते माहितीच्या अधिकारात कळतं.

महाराष्ट्रातल्या नियमांनुसार अर्ज एकाच विषयाचा आणि १५० शब्दांत लागतो, फी १० रुपये. "सदर कामाची संपूर्ण माहिती द्यावी" असं मोघम लिहिलं की अर्ज परत आलाच म्हणून समजा. कामाचं नाव आणि करारनामा क्रमांक लिहून नेमकं मागा:

मोजमाप पुस्तिकेची अमुक साखळी क्रमांकापासून (रस्त्यावरच्या अंतराच्या खुणेपासून) तमुकपर्यंतच्या मोऱ्या व भिंतींची पानं. मुख्य कंत्राटदाराच्या प्रत्येक रनिंग बिलाचा दिनांक, एकूण रक्कम, कपाती आणि प्रत्यक्ष अदा केल्याचा दिनांक. दोष दायित्व कालावधी (कामातले दोष कंत्राटदारानं स्वखर्चानं दुरुस्त करायचा काळ) सुरू झाल्याचा दिनांक. पोट कंत्राटाला परवानगी दिली असल्यास त्या पत्राची प्रत.

उत्तराला ३० दिवस. मुख्य कंत्राटदार त्रयस्थ पक्ष आहे असं म्हणून माहिती अधिकारी कलम ११ ची नोटीस काढतो. पाच दिवसांत त्याला कळवायचं, त्याला म्हणणं मांडायला दहा दिवस, निर्णय चाळीस दिवसांत. तो हरकत घेतोच. त्याची हरकत म्हणजे नकाराधिकार नव्हे. सरकारी पैशातून झालेल्या कामाची मोजमापं आणि देयकं व्यापारी गुपित कशी, असं अपिलात थेट विचारा. पहिलं अपील ३० दिवसांत, दुसरं ९० दिवसांत.

पुस्तिकेत तुमच्या मोऱ्यांची मोजमापं चढलेली आणि बिल अदा झालेलं दिसलं, की "काम झालंच नाही", "काम निकृष्ट होतं" आणि "पैसे आलेच नाहीत" या तिन्ही बचावांतली हवा एका कागदानं निघते. याच साखळीचे पैसे त्यानं विभागाकडून काम चांगलं आहे म्हणूनच घेतलेले असतात.

तिरपी_रेघ

पण बॅक टू बॅक लिहिलंय. खरंच पैसे आले नसतील तर?

कलम_सत्तर

इंग्लंडमध्ये १९९६ च्या कायद्यानं "मला मिळाले तर तुला" छापाची अट निष्प्रभ केली. अपवाद मालक दिवाळखोर झाल्याचा. भारतात तशी सरसकट बंदी नाही, म्हणून शब्द न् शब्द वाचावा लागतो. "बॅक टू बॅक" एवढेच शब्द असतील तर ते दर, मोजमाप, दर्जा याबद्दल आहेत की पैसे देण्याच्या वेळेबद्दलही, यावर वाद घालायला पुष्कळ जागा आहे. "विभागाकडून रक्कम प्राप्त झाल्यावर १५ दिवसांत" असं स्पष्ट लिहिलं असेल तर ती वेळेची अट आहे. पैसे आलेच नाहीत तर ते कधीच देऊ नयेत, असा अर्थ त्यातून आपोआप निघत नाही. आणि पैसे न येण्याचं कारण मुख्य कंत्राटदाराचीच चूक असेल, म्हणजे त्यानं बिलच उशिरा लावलं, त्याच्या दुसऱ्या भागातल्या दोषासाठी दंड कापला गेला, तर अटीचा आसरा त्याला मिळू नये असा युक्तिवाद भक्कम आहे. मात्र त्यासाठी कपात कशामुळे झाली हे कागदावर हवं. मोजपुस्तिका यांनी सांगितलेल्या अर्जात "कपाती" हा शब्द म्हणूनच सोडू नका.

हिशेबनीस

हिशेबाच्या बाजूनं तीन गोष्टी, यांना वकीलही लागत नाही.

एक, २६एएस (आयकराच्या पोर्टलवरचं तुमच्या करकपातीचं विवरण) उघडा. मुख्य कंत्राटदारानं तुमच्या बिलावर १९६१ च्या आयकर कायद्याच्या १९४सी खाली प्रोप्रायटरसाठी १ टक्का करकपात दाखवली असेल तर ते बिल त्याच्या वहीत चढलेलं आहे. यानं देणं एकट्यानं सिद्ध होत नाही, पण "बिलच मिळालं नाही" हे म्हणता येत नाही.

दोन, जीएसटी. तुमच्या बिलावरचं क्रेडिट घेतलं आणि बिलाच्या तारखेपासून १८० दिवसांत पैसे दिले नाहीत, तर घेतलेलं क्रेडिट व्याजासकट उलटवावं लागतं. नोटिशीत हा परिच्छेद असला की फाइल साइटवरून उठून त्यांच्या सीएच्या टेबलावर जाते. तिथे मिळणारं उत्तर साइटवरच्यापेक्षा बरंच शहाणं असतं.

तीन, १९६१ च्या आयकर कायद्याचं ४३बी(एच). २०२४-२५ या करनिर्धारण वर्षापासून सूक्ष्म आणि लघु उद्योगाला मुदतीत न दिलेली रक्कम खर्च म्हणून धरता येत नाही, प्रत्यक्ष देईल त्या वर्षीच धरता येते. मुदत म्हणजे लेखी करार असेल तर जास्तीत जास्त ४५ दिवस, नसेल तर १५. शिवाय अशी ४५ दिवसांपुढची थकबाकी कंपन्यांना सहामाही एमएसएमई-१ फॉर्ममध्ये, ३१ ऑक्टोबर आणि ३० एप्रिलपर्यंत, कारणासह जाहीर करावी लागते. त्यात तुमचं नाव गाळलं असेल तर तोही एक मुद्दा.

मुळात बिलावर उद्यम क्रमांक (छोट्या उद्योगाच्या सरकारी नोंदणीचा क्रमांक) छापलेला असायला हवा. नसेल तर आजच लेखी कळवा.

मुरूम_खडी

म्हणजे एमएसएमई परिषदेत जाणं सगळ्यात सोपं ना? फी जवळपास नाही, व्याज तिप्पट.

हिशेबनीस

व्याजाचं आधी नीट सांगतो, लोक मूळ रक्कम तिप्पट होईल असं समजतात. २००६ च्या एमएसएमईडी कायद्याच्या कलम १६ प्रमाणे रिझर्व्ह बँकेच्या बँक रेटच्या तिप्पट दर, चक्रवाढ, दरमहा. बँक रेट ६.७५ असेल तर दर २०.२५ टक्के. दहा लाखांवर वर्षाला साधारण २ लाख २२ हजार. बँक रेट खाली आला की हेही उतरतं, तेव्हा तक्ता महिन्यागणिक करा. आणि हो, रेपो रेट धरू नका, तो वेगळा.

गार्गी_दप्तर

परिषदेबद्दल उत्साह जरा आवरा. महाराष्ट्रात इथेच सगळ्यात जास्त प्रकरणं आपटतात.

आधी ताकद सांगते. अर्ज तुमचं दुकान जिथे आहे तिथल्या परिषदेकडे करायचा, समोरचा देशात कुठेही असो. वर्क ऑर्डरमध्ये "फक्त दिल्ली न्यायालय" लिहिलं असलं तरी अडत नाही. लवादाचं कलम असलं तरी परिषदेचा मार्ग बंद होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयानं ऑक्टोबर २०२२ मध्ये महाकाली फूड्स प्रकरणात सांगितलं. आधी समेट, तो फिसकटला की लवाद. निवाडा विरुद्ध गेला तर समोरच्याला आव्हान देण्याआधी ७५ टक्के रक्कम जमा करावी लागते. पोट कंत्राटदारासाठी याहून धारदार तरतूद दुसरी नाही. कायद्यात ९० दिवस लिहिलेत, ते मात्र विसरा.

आता अडचण. मुंबई उच्च न्यायालयानं स्टर्लिंग अँड विल्सन (२०१७) आणि नंतर नागपूर खंडपीठानं पी. एल. आडके विरुद्ध वर्धा नगरपरिषद (२०२१) या प्रकरणांत म्हटलं की वर्क्स कॉन्ट्रॅक्ट, म्हणजे साहित्य आणि मजुरी यांचं न सुटणारं मिश्रण, या कायद्यात बसत नाही. कायदा वस्तूंचा पुरवठा आणि सेवा यांच्यासाठी आहे. वरच्या उदाहरणातल्या मोऱ्या साहित्यासह केलेल्या आहेत, म्हणजे नेमकं वर्क्स कॉन्ट्रॅक्ट. समोरचा वकील पहिल्याच तारखेला हे दोन निकाल ठेवतो.

मोजपुस्तिका

पण मशिन भाड्यानं दिलं असेल, नुसती मजुरी असेल, खडी पुरवली असेल तर?

गार्गी_दप्तर

तिथे चालतं. पोकलेन तासावर, सर्वेक्षण, आराखडा, प्रयोगशाळेतल्या चाचण्या, स्वतःच्या क्रशरची खडी, रेडी मिक्स, प्रीकास्ट पाइप: हे पुरवठा किंवा सेवा म्हणून मांडता येतं. एकाच माणसाच्या दोन वेगळ्या वर्क ऑर्डरी असतील, एक पाइप पुरवण्याची आणि दुसरी बसवण्याची, तर निदान पहिली सुटते. मात्र वाद सुरू झाल्यावर जुनं बिल फाडून दोन करू नका, जीएसटीच्या पोर्टलवर मूळ बिल जसंच्या तसं असतं.

आणखी दोन खड्डे. उद्यम नोंदणी कराराच्या आधीची हवी. सिल्पी इंडस्ट्रीज (२०२१) आणि महाकाली दोन्हींत नंतरच्या नोंदणीचा फायदा मागच्या व्यवहाराला नाकारला आहे. जानेवारी २०२५ मध्ये एनबीसीसी प्रकरणात दोन न्यायमूर्तींनी याबद्दल वेगळं मत मांडून प्रश्न मोठ्या पीठाकडे पाठवला. पण त्या भरवशावर नोंदणी लांबवणं म्हणजे हवेत इमले. दुसरं, उद्यमवर नुसता व्यापारी म्हणून नोंद असेल तर हे संरक्षण मिळत नाही. व्यापाऱ्यांना दिलेली नोंदणी बँकेच्या प्राधान्य कर्जापुरती आहे. दुसऱ्याची खडी विकत घेऊन पुरवणारे इथे अडकतात. मध्यम उद्योगालाही परिषदेकडे जायचं कलम १८ मिळत नाही, सूक्ष्म आणि लघु एवढेच. १ एप्रिल २०२५ पासून लघुची मर्यादा २५ कोटी गुंतवणूक आणि १०० कोटी उलाढाल आहे, त्यामुळे बहुतेक पेटीवाले आत बसतात.

कलम_सत्तर

गार्गीताईंशी सहमत, पण एक पुरवणी. परिषदेत तीन वर्षं घालवायची आणि शेवटी "हे वर्क्स कॉन्ट्रॅक्ट आहे" म्हणून बाहेर पडायचं, तोवर दावा लावायची मुदत संपलेली. मुदत कायद्याच्या कलम १४ खाली चुकीच्या दारात प्रामाणिकपणे घालवलेला काळ वगळून मागता येतो, पण तो मागावा लागतो, सिद्ध करावा लागतो. सोनाली पॉवर विरुद्ध महाराष्ट्र राज्य विद्युत मंडळ या जुलै २०२५ च्या निकालानंतर हेही स्पष्ट आहे की परिषदेतल्या समेटाला मुदतीचं बंधन नाही, पण लवादाला आहे. शिळी बाकी तिथेही लवादात तगत नाही.

तिरपी_रेघ

मुदत म्हणजे शेवटच्या बिलापासून तीन वर्षं, बरोबर?

कलम_सत्तर

नाही! हाच गैरसमज सर्वांत महागात जातो. मुदत कायद्याच्या परिशिष्टातलं कलम १८ म्हणतं: केलेल्या कामाची किंमत, देण्याची तारीख ठरलेली नसेल तर, काम केल्या दिवसापासून तीन वर्षं. बिलाच्या तारखेपासून नाही, शेवटच्या फोनपासून तर नाहीच. काम १० मार्च २०२२ ला झालं, बिल ऑगस्टमध्ये दिलं, तरी घड्याळ मार्चपासून. वर्क ऑर्डरमध्ये "बिलानंतर ३० दिवस" असं ठरलं असेल तर गोष्ट वेगळी.

घड्याळ नव्यानं सुरू करायचं तर मुदत संपायच्या आत समोरच्याची लेखी, सही असलेली कबुली हवी, किंवा त्यानं लेखी नोंदीसह दिलेली अंशतः रक्कम तरी हवी. ५ जानेवारी २०२५ ला "३८ लाख बाकी आहेत, मार्चअखेर देतो" अशी मेल आली तर तिथून तीन वर्षं. तीच मेल २० मार्चला आली तर मुदत संपलेली, कबुली फुकट. मग करार कायद्याच्या २५(३) खाली देण्याचं नवं लेखी वचन असल्याचं सिद्ध करत बसा. म्हणून "अजून थोडं थांबा, संबंध बिघडतील" म्हणणाऱ्याकडून निदान बाकी कबूल केल्याचं पत्र घ्या. बॅलन्स कन्फर्मेशन म्हणून अकाउंट्स विभागाकडे मागितलं की ते सहज देतात, साइटवाले देत नाहीत.

मोजपुस्तिका

व्हॉट्सॲपबद्दलही लिहा. निम्मे हिशेब तिथेच असतात.

गार्गी_दप्तर

चालतो, पण नुसता स्क्रीनशॉट नाही. भारतीय साक्ष्य अधिनियम, २०२३ च्या कलम ६३ खालचं प्रमाणपत्र लागतं. त्याचे दोन भाग: अ भाग उपकरण वापरणाऱ्याचा, ब भाग तज्ज्ञाचा, आणि फाइलचं हॅश मूल्य त्यात लिहायचं. म्हणून फोन बदलताना जुना विकू नका, पूर्ण चॅट एक्सपोर्ट करून ठेवा. संयुक्त मोजमापाच्या कागदावर साइट इंजिनिअरची नुसती तिरकी सही असते. त्याखाली नाव, हुद्दा, तारीख घ्या आणि तोच कागद त्याच संध्याकाळी कंपनीच्या मेलवर पाठवा. १५ दिवसांत लेखी हरकत आली नाही, ही गोष्ट पुढे कामाला येते. एमएसएमई कायद्यात तर तीच मानीव स्वीकृती.

डेबिट नोटबद्दलही, म्हणजे तुमच्या बिलातून कपात दाखवणाऱ्या चिठ्ठीबद्दल. तुमची नोटीस गेली की आठवड्याभरात मागच्या तारखेची डेबिट नोट येते: सिमेंट जादा वापरलं, शटरिंग हरवलं, भिंतीच्या काँक्रीटला मधाळ (पोकळ्या) झालं. लगेच मुद्देसूद नाकारा. गप्प बसलात तर पुढे तीच "आधीपासूनचा वाद" होते.

मुरूम_खडी

एनसीएलटीची नोटीस दिली की कंपन्या घाबरून पैसे देतात म्हणतात.

गार्गी_दप्तर

देत असत. २४ मार्च २०२० पासून किमान थकबाकी १ कोटी लागते, आपले ३८ लाख तिथे दारातच अडतात. रक्कम मोठी असेल तर दिवाळखोरी संहितेच्या कलम ८ ची मागणी नोटीस, दहा दिवस वाट, मग कलम ९ चा अर्ज. पण नोटिशीच्या आधीपासून खरा वाद असल्याचं दिसलं की अर्ज फेटाळला जातो, मोबिलॉक्स विरुद्ध किरुसा, २०१७. के. किशन विरुद्ध विजय निर्माण (२०१८) तर पोट कंत्राटाचंच प्रकरण. लवादाचा निवाडा हाती होता, पण त्याला लवाद कायद्याच्या कलम ३४ खाली आव्हान दिलेलं असताना दिवाळखोरीचा रस्ता चालणार नाही असं ठरलं.

आणि अर्ज मंजूर झाला तर आनंद मानू नका. स्थगिती लागते, वसुली थांबते, रांगेत बँका पुढे आणि तुम्ही बऱ्याच मागे. मुख्य कंत्राटदाराविरुद्ध दुसऱ्याच कुणी प्रक्रिया सुरू केली असेल तर मात्र फॉर्म बी मध्ये दावा वेळेत दाखल करायला चुकू नका. तो चुकला तर उरलेलं बोटही सुटतं.

रोधक_पट्टी

पोलीस तक्रार?

कलम_सत्तर

फसवणुकीसाठी व्यवहाराच्या सुरुवातीलाच बुडवायचा हेतू लागतो. चार बिलं दिली आणि पाचवं थकवलं, यात तो दाखवणार कसा? फिर्याद रद्द होते, वर समोरच्याला "दबाव टाकतात" म्हणायला कागद मिळतो. बनावट सही, खोटी मोजमापं, एकाच बँक गॅरंटीचे दोन उपयोग, असं काही असेल तरच त्या वाटेला जा.

चेक दिला असेल आणि तो परतला असेल तर न वटलेल्या चेकसाठीचं, चलनक्षम दस्तऐवज कायद्याचं कलम १३८ उत्तम. तारखा मात्र घट्ट: चेक तीन महिन्यांत वटवायला टाका, परत आल्याची माहिती मिळाल्यापासून ३० दिवसांत नोटीस, ती मिळाल्यावर त्याला १५ दिवस, त्यानंतर एका महिन्यात तक्रार. नोटिशीत चेकचीच रक्कम मागा. थकबाकी ३८ लाख आणि चेक १० लाखांचा असेल आणि नोटिशीत सरसकट ३८ मागितले, तर नोटीसच बाद होऊ शकते.

रोधक_पट्टी

म्हणजे मूळ उदाहरणात उरलं काय? परिषद शंकास्पद, एनसीएलटी बंद, पोलीस नाही.

कलम_सत्तर

उरला लवाद, आणि तो वाटतो तितका वाईट नाही. लवादाचं कलम असताना व्यापारी न्यायालयात दावा लावला तर समोरचा लवाद कायद्याच्या कलम ८ चा अर्ज देऊन तुम्हाला लवादाकडे ढकलतो, वर्ष वाया. कलम नसतं तर ३ लाखांवरचा दावा व्यापारी न्यायालयात, तातडीचा अंतरिम आदेश मागत नसाल तर आधी व्यापारी न्यायालय कायद्याच्या १२ए खालची मध्यस्थी सक्तीची. ती टाळली तर दावाच फेटाळला जातो, पाटील ऑटोमेशन, २०२२.

उदाहरणापुरता क्रम असा लावीन. माहितीचा अर्ज आजच. त्याच्या उत्तराची वाट न बघता लवाद कायद्याच्या कलम २१ ची नोटीस: थकबाकी बिलवार, अनामत वेगळ्या ओळीत, लवादासाठी दोन-तीन नावं. ही नोटीस समोरच्याला मिळते त्या दिवशी लवाद सुरू झाला असं धरतात, मुदतीचं घड्याळ तिथे थांबतं. साध्या "पैसे द्या" नोटिशीनं ते थांबत नाही. व्याजाची मागणी त्यातच स्पष्ट लिहा, कारण करारात दर नसेल तर १९७८ च्या व्याज कायद्याखाली व्याज अशा लेखी मागणीच्या तारखेपासून मिळू शकतं. "आमचे एमडीच लवाद नेमतील" या कलमाला बधू नका. पर्किन्स ईस्टमन (२०१९) नंतर एकतर्फी नेमणूक टिकत नाही, ३० दिवसांत एकमत झालं नाही तर उच्च न्यायालय नेमतं. मुख्य कंत्राटदार संयुक्त उपक्रम असेल तर त्यातल्या प्रत्येक भागीदार कंपनीचं नाव नोटिशीत घाला. काम संपलं की संयुक्त उपक्रमाच्या खात्यात झुरळही सापडत नाही.

खर्च: लवाद कायद्याच्या चौथ्या परिशिष्टाच्या तक्त्यानं ३८ लाखांवर फी १,५१,५०० रुपये, एकटा लवाद असेल तर त्यावर २५ टक्के, म्हणजे १,८९,३७५. ती साधारण दोघांत विभागते. तक्ता बंधनकारक नाही, पण वाटाघाटीला आधार आहे.

मोजपुस्तिका

आणि विभाग अंतिम बिल काढणार असल्याचं माहितीत दिसलं तर?

कलम_सत्तर

तिथे लवाद कायद्याचं कलम ९. लवादाआधी किंवा दरम्यान जिल्हा पातळीच्या व्यापारी न्यायालयात अर्ज करून तुमच्या थकबाकीइतकी रक्कम सुरक्षित ठेवायला सांगता येतं: बँक गॅरंटी द्या, किंवा बिलातली तेवढी रक्कम न्यायालयात जमा करा. २०२२ मध्येच सर्वोच्च न्यायालयाचे दोन वेगळ्या सुरांचे निकाल आहेत. एस्सार हाउस म्हणतं, निकालापूर्व जप्तीच्या कडक अटी तंतोतंत लागू करायची गरज नाही. संघी इंडस्ट्रीज म्हणतं, त्या अटी पूर्ण व्हायलाच हव्यात. म्हणून दुसऱ्याची तयारी ठेवून जा: कंपनीची ताजी ताळेबंद, नोंदवलेली तारणं, चालू कामं संपत आल्याचे पुरावे, विकायला काढलेली मशिनरी. "आम्हाला भीती वाटते" यावर आदेश मिळत नाही. आदेश मिळाला तर ९० दिवसांत लवाद सुरू करावा लागतो. वर सांगितलेली नोटीस आधीच गेली असेल तर ती चिंता नाही.

हिशेबनीस

पुढच्या कामासाठी एक सुचवणी. मुख्य कंत्राटदाराच्या विभागाकडच्या बिलातली ठरावीक रक्कम मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम १३० खाली लेखी तुमच्या नावे करून घ्या आणि १३१ ची लेखी नोटीस विभागाला द्या. मुख्य करारात हस्तांतरणाला मनाई नाही ना, ते आधी तपासा. ते जमत नसेल तर तिघांत एस्क्रो खातं (ठरलेल्या अटीनुसारच पैसे सुटणारं बँक खातं). पहिल्या बिलाच्या वेळी मागितलं तर मिळतं, पाचव्याला कोणी उभं करत नाही.

तिरपी_रेघ

वाचनखूण साठवली. फक्त ५ टक्के अनामतीचं राहिलं. तीही काम संपल्यापासून तीन वर्षांत?

कलम_सत्तर

नाही, तिची तारीख सहसा वेगळी. वर्क ऑर्डरमध्ये अनामत दोष दायित्व कालावधीनंतर परत करायची असेल तर तो कालावधी संपल्यावर ती देय होते, घड्याळ तिथून. पण कुणाचा कालावधी, तुमच्या मोऱ्यांचा की अख्ख्या रस्त्याचा? "बॅक टू बॅक" असेल तर मुख्य कंत्राटदार अख्ख्या रस्त्याचा म्हणणार. म्हणून वर मोजपुस्तिका यांनी अर्जात "दोष दायित्व कालावधी सुरू झाल्याचा दिनांक" घातलाय. तो मिळेपर्यंत नोटिशीत अनामत वेगळ्या ओळीत, "देय झाल्यास किंवा देय होईल तेव्हा" असं लिहून ठेवा. आत्ताच सरसकट मागितली तर "मुदतीपूर्व मागणी" म्हणून त्या भागावर एक हरकत तुम्हीच त्याच्या हातात देता.